शेकडेवारीची शाब्दिक उदाहरणे: आधी शंभर कशाला म्हणायचे ते ठरवा

शेकडेवारीचे उदाहरण चुकते तेव्हा गुणाकार-भागाकार बहुधा बरोबरच असतो. चूक त्याआधी, वाचतानाच झालेली असते. शंभर टक्के म्हणजे नेमके काय हे न ठरवता मूल समोर दिसेल त्या संख्येला टक्क्यांनी गुणते आणि शंभरने भागते. शिष्यवृत्तीसारख्या बहुपर्यायी परीक्षेत तेच चुकीचे उत्तर पर्यायांत मुद्दाम ठेवलेले असते. आपले उत्तर पर्यायात सापडले की मुलाला शंकाही येत नाही.

खालचा क्रम सहावी ते आठवीच्या मुलांसाठी आणि घरी-वर्गात त्यांचा अभ्यास घेणाऱ्यांसाठी आहे. पहिल्या पंधरा-वीस उदाहरणांना प्रत्येक टप्पा वहीत लिहूनच करा. पुढे हात आपोआप वेगाने चालतो.

## तयारी: एवढे तोंडी यायला हवे

शाब्दिक उदाहरणाला हात घालण्याआधी दोन गोष्टी पक्क्या करा.

पहिली, कोणत्याही संख्येचे १० टक्के आणि १ टक्का न लिहिता सांगता येणे. ४८० चे १० टक्के ४८, आणि १ टक्का ४.८. यावरून बाकीचे जोडता येतात. १५ टक्के हवे असतील तर ४८ आणि त्याच्या निम्मे २४, मिळून ७२.

दुसरी, नेहमीचे अपूर्णांक. पाव म्हणजे २५ टक्के, अर्धा म्हणजे ५०, पाऊण म्हणजे ७५ हे मुलांना लवकर समजते, कारण हे शब्द घरात रोज कानावर पडतात. त्यांच्या जोडीला हे घ्या:

- २० टक्के = १/५
- ५ टक्के = १/२०
- साडेबारा टक्के = १/८
- ३३ १/३ टक्के = १/३

तपासा: ३६० चे २५ टक्के, १२० चे ५ टक्के आणि ६४ चे साडेबारा टक्के (उत्तरे ९०, ६ आणि ८) मुलाने कागद न घेता सांगितले पाहिजेत. अडखळत असेल तर दोन दिवस एवढेच करा. कच्च्या आकडेमोडीवर शाब्दिक उदाहरणे चढवली की चूक वाचण्यात झाली की गणितात, हेच कळेनासे होते.

## टप्पा १: शेवटचे वाक्य आधी वाचा

«एका शाळेत ४८० विद्यार्थी आहेत. त्यांपैकी ४५ टक्के मुली आहेत. तर मुलगे किती?»

पहिली दोन वाक्ये वाचली की मुले लगेच ४८० चे ४५ टक्के काढायला बसतात. २१६ येतात, त्याखाली दोन रेघा मारल्या जातात आणि उदाहरण संपते. २१६ या तर मुली झाल्या. मुलगे २६४.

म्हणून आधी शेवटचे वाक्य वाचा, जे विचारले आहे त्याखाली रेघ ओढा आणि उत्तराची ओळ रिकामी जागा सोडून आधीच लिहून ठेवा: «मुलगे = ____». मुलगेच हवेत हे आधी दिसले, तर थेट ५५ टक्के काढता येतात आणि एक पायरी वाचते.

## टप्पा २: शंभरची ओळ लिहा

सगळ्यात जास्त वेळ याच टप्प्यावर घालवा. कोणतीही आकडेमोड करण्याआधी वहीत ही ओळ लिहायची:

१०० टक्के = ____

रिकाम्या जागेत आधी शब्द येतो, आकडा नंतर. «१०० टक्के = शाळेतील सर्व विद्यार्थी» हे आधी, «= ४८०» हे मागाहून. नुसता आकडा लिहिणारे मूल पुष्कळदा प्रश्नात प्रथम दिसलेली संख्याच उचलते.

शंभर कोण हे बऱ्याचदा मराठीचे विभक्तिप्रत्यय आणि शब्दयोगी अव्ययेच सांगतात.

«पैकी», «चे», «च्या»: ज्या शब्दाला हे लागले, तो शंभर. «६५ मुलांपैकी ५२ हजर» यात शंभर म्हणजे ६५ मुले.

«पेक्षा»: ज्याला «पेक्षा» चिकटले, तो शंभर. «सफरचंदाचा भाव पेरूपेक्षा २५ टक्के जास्त आहे» यात शंभर म्हणजे पेरूचा भाव. सफरचंद वाक्यात आधी आले म्हणून फसू नका.

«वाढला», «घटला», «वरून»: आधीची संख्या शंभर. भाव ४० वरून ५० झाला तर शंभर म्हणजे ४०.

काही वेळा वाक्यात असा कोणताच शब्द नसतो. तेव्हा व्यवहाराचा ठरलेला संकेत लागतो आणि तो पाठच हवा:

- नफा, तोटा: खरेदी किंमत
- सूट: छापील किंमत
- व्याज: मुद्दल
- दलाली, कमिशन: जेवढ्याचा व्यवहार झाला ती रक्कम
- जीएसटी: कर लावण्यापूर्वीची किंमत
- शेकडा गुण: एकूण गुण, म्हणजे पेपर जितक्या गुणांचा तितके
- शेकडा उपस्थिती: वर्गाचा पट किंवा कामाचे एकूण दिवस, प्रश्नात असेल त्याप्रमाणे

व्याजाच्या उदाहरणात येणारे «द.सा.द.शे.» मुले घडाघडा वाचतात, पण सोडवून सांगा म्हटले की गप्प होतात. दर साल दर शेकडा, म्हणजे मुद्दलाच्या दर शंभर रुपयांमागे दर वर्षाला. शंभर कोण ते त्या चार अक्षरांतच लिहिलेले आहे.

सावधान: «अ हा ब पेक्षा २५ टक्के जास्त, म्हणून ब हा अ पेक्षा २५ टक्के कमी» हे चूक आहे. पेरू ४० आणि सफरचंद ५० घेऊन पाहा. पेरूवरून वर जाताना १० ची वाढ ४० वर मोजली, म्हणून २५ टक्के. सफरचंदावरून खाली येताना तीच १० ची घट ५० वर मोजली, म्हणून २० टक्के. फरकाचे रुपये तेच राहिले, शंभर बदलला.

## टप्पा ३: दुसरी ओळ आणि प्रश्नचिन्ह

शंभरच्या ओळीखाली दुसरी ओळ येते. डावीकडे टक्के, उजवीकडे संख्या, आणि जे माहीत नाही तिथे प्रश्नचिन्ह. उदाहरणाचा प्रकार प्रश्नचिन्हाच्या जागेवरून ठरतो.

भाग काढायचा:
१०० टक्के = ४८० विद्यार्थी
५५ टक्के = ?

टक्के काढायचे:
१०० टक्के = ६५ मुले
? टक्के = ५२ मुले

मूळ काढायचे (२० टक्के सूट मिळून ६४० रुपये दिले, म्हणजे ८० टक्के उरले):
१०० टक्के = ? (छापील किंमत)
८० टक्के = ६४० रुपये

तीनच प्रकार आहेत. नफा-तोटा, सूट, कर, मतदान, धरणातले पाणी, सगळे यांतच बसते. प्रत्येकासाठी वेगळे सूत्र पाठ करणाऱ्या मुलाला परीक्षेत आधी कोणते सूत्र वापरायचे याचाच पेच पडतो.

तपासा: दोन्ही ओळींत उजवीकडे एकाच जातीची गोष्ट आहे ना? वर विद्यार्थी आणि खाली रुपये आले असतील तर मांडणीच चुकली.

## टप्पा ४: अंदाज

हिशेबाआधी एकच प्रश्न विचारा: उत्तर दिलेल्या संख्येपेक्षा मोठे येणार की लहान? सूट मिळून ६४० दिले असतील तर छापील किंमत ६४० हून जास्तच असणार. ६५ पैकी ५२ हजर म्हणजे अर्ध्यापेक्षा बरेच जास्त, पण शंभरच्या आत. वहीत समासात «> ६४०» एवढेच लिहिले तरी चालेल.

## टप्पा ५: एक टक्का काढा, मग हवे तितके

पद्धत एकमान पद्धतीचीच. ज्या ओळीत टक्के आणि संख्या दोन्ही माहीत आहेत, तिच्यावरून एक टक्का काढायचा.

८० टक्के = ६४०
१ टक्का = ६४० ÷ ८० = ८
१०० टक्के = ८००

टक्केच काढायचे असतील तर भागाला मुळाने भागून शंभरने गुणा: ५२/६५ × १००. ५२ आणि ६५ दोन्ही १३ च्या पाढ्यात आहेत, म्हणून ४/५, म्हणजे ८० टक्के. आधी अपूर्णांकाला संक्षिप्त रूप द्या. ५२०० ला ६५ ने भागत बसणे हे चुकीला आमंत्रण.

### उलट्या उदाहरणातली नेहमीची चूक

«२० टक्के सूट मिळून ६४० रुपये दिले, छापील किंमत किती?» याला मुले ६४० चे २० टक्के, म्हणजे १२८, काढून मिळवतात आणि ७६८ लिहितात. वजा झालेले परत मिळवले की झाले, असे वाटते. पण दुकानदाराने २० टक्के छापील किमतीचे काढले होते, ६४० चे नव्हे. ६४० हे आधीच ८० टक्के आहेत.

म्हणून सूट, तोटा किंवा घट दिसली की दुसऱ्या ओळीत उरलेले टक्के लिहा (१०० − २० = ८०). नफा, वाढ किंवा कर दिसला तर मिळवून लिहा. १८ टक्के जीएसटीसह बिल १,१८० रुपयांचे असेल तर ११८ टक्के = १,१८०, एक टक्का = १०, मूळ किंमत १,०००. १,१८० चे १८ टक्के वजा करणाऱ्याला ९६७.६० मिळतात. उत्तरात असे पैसे लोंबताना दिसले की थांबून दुसरी ओळ पुन्हा पाहावी. शाळेच्या उदाहरणांतले आकडे सहसा सुटसुटीत यावेत असेच बेतलेले असतात.

जाता जाता, वेष्टनावरच्या एमआरपीत सर्व कर धरलेले असतात. तिच्यावर पुन्हा जीएसटी मिळवायचा नाही, उदाहरणात नाही आणि दुकानातही नाही.

## टप्पा ६: ताळा

उत्तर मूळ वाक्यात घालून गोष्ट पुढच्या दिशेने चालवा. ८०० चे २० टक्के १६०, ८०० − १६० = ६४०. जमले. आता ७६८ घालून पाहा: २० टक्के १५३.६०, उरले ६१४.४०. प्रश्नात तर ६४० आहेत. एवढ्या अर्ध्या मिनिटात उलट्या उदाहरणातली चूक हमखास पकडली जाते.

मग टप्पा १ मध्ये लिहिलेल्या उत्तराच्या ओळीकडे परत जा. विचारले होते तेच काढले ना? एकक लिहिले का?

## एकाच उदाहरणात दोन शंभर आले तर

सहा टप्पे अंगवळणी पडले तरी इथे चांगली मुलेही घसरतात. नियम एकच: शंभर तोच असेल तर टक्के मिळवा-वजा करा, शंभर बदलला असेल तर नवी ओळ लिहा.

एकच शंभर. बिलावर सीजीएसटी ९ टक्के आणि एसजीएसटी ९ टक्के अशा दोन ओळी असतात. दोन्ही कर त्याच मूळ किमतीवर आहेत, म्हणून ९ + ९ = १८ हे बरोबर.

बदलता शंभर. सेलमधली «२० टक्के + १० टक्के सूट» ही ३० टक्के नाही. १,००० वर २० टक्के सूट, उरले ८००. आता १० टक्के या ८०० वर, म्हणजे ८०, उरले ७२०. एकूण सूट २८ टक्के. ५०० चा भाव २० टक्क्यांनी वाढून ६०० झाला आणि २० टक्क्यांनी उतरला, तर तो ४८० होतो, ५०० नाही.

टक्क्यांची सरासरी. एका तुकडीत ४० मुले, ९० टक्के उत्तीर्ण. दुसरीत ६० मुले, ७० टक्के उत्तीर्ण. मिळून ८० टक्के नाहीत. ३६ आणि ४२ मिळून ७८ मुले, १०० पैकी, म्हणून ७८ टक्के. पट सारखा असेल तरच सरळ सरासरी चालते.

नावावरून न कळणारा शंभर. उन्हाळ्यात «जायकवाडी शून्य टक्क्यांवर» अशी बातमी आली तरी धरण कोरडे पडलेले नसते. धरणाची एकूण क्षमता २,९०९ दशलक्ष घनमीटर. त्यातले ७३८ मृतसाठ्याचे, म्हणजे तळाशी राहणाऱ्या आणि सहसा न वापरल्या जाणाऱ्या पाण्याचे, सोडले की उपयुक्त साठा २,१७१. बातमीतले टक्के या उपयुक्त साठ्याचे असतात. «उपयुक्त» हा एक शब्द वाचायचा राहिला की शंभर २,१७१ चा २,९०९ होतो.

### द्राक्षे आणि बेदाणा

«द्राक्षांत ८० टक्के पाणी असते, बेदाण्यात २० टक्के. १०० किलो द्राक्षांपासून बेदाणा किती मिळेल?» मुले ८० मधून २० वजा करून ६० टक्के पाणी गेले म्हणतात आणि ४० किलो लिहितात. पण ८० टक्के द्राक्षांच्या वजनाचे आहेत आणि २० टक्के बेदाण्याच्या. दोन वेगळ्या शंभरांतले टक्के एकमेकांतून वजा होत नाहीत.

अशा वेळी न बदलणारी गोष्ट शोधा. उन्हात पाणी उडते, गर तेवढाच राहतो. १०० किलो द्राक्षांत पाण्याव्यतिरिक्तचा भाग २० किलो. बेदाण्यात पाणी २० टक्के, म्हणजे हा भाग ८० टक्के.

८० टक्के = २० किलो
१०० टक्के = २५ किलो

चार किलो द्राक्षांना एक किलो बेदाणा, हा तासगाव-सांगलीकडचा नेहमीचा हिशेबही इथेच येऊन बसतो. (खऱ्या बेदाण्यात पाणी याहून थोडे कमी असते, आकडे सोपे घेतले आहेत.) दूध-पाणी, मिठाचे द्रावण, ओले-वाळलेले धान्य, सगळी याच जातीची उदाहरणे.

## नफा-तोट्यात लपलेली खरेदी किंमत

«एका विक्रेत्याने २० डझन केळी ८०० रुपयांना घेतली. टेम्पोभाडे व हमाली १०० रुपये झाली. २ डझन केळी खराब निघाली. उरलेली ६० रुपये डझनाने विकली. शेकडा नफा किती?»

१. एकूण खरेदी: ८०० + १०० = ९००. माल दुकानात येईपर्यंतचा खर्च खरेदीतच धरायचा.
२. विक्री: १८ × ६० = १,०८०. खराब केळी विक्रीतून जातात, खरेदीतून नाही. त्यांचे पैसे मोजून झालेले आहेत.
३. नफा: १८० रुपये.
४. १०० टक्के = ९००, म्हणून १८०/९०० × १०० = २० टक्के.

भाडे विसरले तर ३५ टक्के येतात. १८० ला विक्रीने भागले तर १६ २/३. पर्यायांत ३५ असणार हे धरूनच चला.

## सरावाला पाच, आणि चुकीचे उत्तर काय सांगते

१. १५ टक्के सूट मिळून छत्री ३४० रुपयांना पडली. छापील किंमत?
२. साखर ४० रुपयांवरून ४६ रुपये किलो झाली. शेकडा वाढ?
३. गावाची लोकसंख्या २०,००० आहे आणि दरवर्षी १० टक्क्यांनी वाढते. दोन वर्षांनी किती?
४. तांदळाचा भाव २५ टक्क्यांनी वाढला. खर्च तेवढाच ठेवायचा तर वापर किती टक्क्यांनी कमी करावा लागेल?
५. उत्तीर्ण होण्यास ४० टक्के गुण लागतात. एकाला १७८ गुण मिळाले आणि तो २२ गुणांनी अनुत्तीर्ण झाला. परीक्षा एकूण किती गुणांची?

उत्तरे: ४०० रुपये, १५ टक्के, २४,२००, २० टक्के, ५०० गुण.

चुकीच्या उत्तरावर नुसती फुली मारू नका, घसरण कुठे झाली ते त्यावरूनच वाचता येते. पहिल्याचे ३९१ आले असतील तर ३४० लाच शंभर धरले, टप्पा २ पुन्हा घ्या. दुसऱ्याचे १३ टक्क्यांच्या आसपास आले तर नव्या भावाने भागले. तिसऱ्याचे २४,००० म्हणजे दुसऱ्या वर्षी नवी शंभरची ओळ लिहिलीच नाही. चौथ्याचे २५ आले तर भाव ४० आणि घरी ५ किलो तांदूळ लागतो असे धरून करायला लावा. खर्च २००, नवा भाव ५०, तर ४ किलोच येणार. पाचातला एक किलो गेला, हे मूल स्वतःच पाहील.

पाचव्याचे ४४५ आले तर १७८ लाच ४० टक्के मानले, २२ मिळवायचे राहिले: उत्तीर्ण व्हायला १७८ + २२ = २०० लागत होते आणि तेच ४० टक्के. ५५ आले तर २२ लाच ४० टक्के धरले. ५५ गुणांच्या परीक्षेत मुलाला १७८ मिळाले, असे ते उत्तर म्हणते. ते टप्पा ४ लाच अडायला हवे होते, म्हणजे अंदाजाची ओळ वहीत लिहिलेलीच नाही.